ओ दिल्याशिवाय उठायचं नाही

सहाला दहा कमी होते. अकरा नोव्हेंबर, मंगळवार. आयुबचाचा शूटिंगच्या जनरेटरचं डिझेल आणायला नळदुर्गच्या किल्ल्यातून बाहेर पडले. सगळं तिथूनच बिघडलं, असं ते अजून म्हणतात. लाइट गेली की ओट्यावरची पोरं त्यांना हीच गोष्ट सांगायला लावतात.

कुलदीप त्यांच्याच टोळीतला. दहा वर्षं टीव्हीवरच्या ऐतिहासिक माहितीपटांत तो मरत आलेला. कधी बाणानं, कधी तोफेनं. घरी येऊन बायकोला म्हणायचा, "सोनाली, आज तीनदा मेलो. चहा टाक."

टोळीचा एक नेम होता. मेल्याचं सोंग घेतलेल्यानं आपल्या मनानं उठायचं नाही. कपडे पुरवणारे चाचा एकेकाला खऱ्या नावानं हाक मारायचे. त्यानं ओ द्यायची, मगच उठायचं. त्या दिवशी चाचा हायवेवर ट्रकांच्या रांगेत अडकले. अंधार पडला. नवा दिग्दर्शक ओरडला, "चला, उठा रे सगळे!" माणसं कपडे झटकत उठली. कुणी कुणाकडं बघितलं नाही.

सव्वाआठला सोनालीच्या दाराची कडी वाजली. आठ महिन्यांची हर्षाली कडेवर होती. दारात कुलदीप. अंगात तोच अंगरखा, कपाळावर रंगाची जखम.

"अहो, गाडीचा आवाज कसा आला न्हाय?"

त्यानं उंबरा ओलांडला नाही.

"या की आत. भाकरी गार व्हायलीय."

"बोलव."

"बोलवायलेच की!"

"नावानं."

सोनालीला हसू आलं. लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. पुन्हा तिनं नवऱ्याचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. "काय बाई थेरं! लेकीसमोर?"

एरवी बापाकडं झेप घेणारी हर्षाली आईच्या मानेत तोंड खुपसून बसली होती.

तेवढ्यात फोन वाजला. चाचा होते.

"बेटी, घाबरू नको. कुलदीप हितं बुरुजाखाली पडलाय. एक अंगरखा कमी भरला, म्हणून शोधलं. श्वास हाय, पर उठंना. आमच्या हाकंला ओ देईना. तू घरचं माणूस, हाक मारून बघ. फोन त्याच्या कानाला लावतो."

सोनालीनं दाराकडं बघितलं.

तो उभाच...

उंबऱ्याबाहेर.

"घे की नाव," तो म्हणाला.

मोठ्यानं घेतलं, तर हा आत येणार. नाही घेतलं, तर तिकडं तो...

तिनं दार लोटलं. कडी घातली. मागच्या खोलीत पळाली. लेकीसकट डोक्यावरून पदर ओढला. फोन ओठाला चिकटवला.

"कुलदीप..."

काहीच नाही.

बाहेर कडी वाजली. हळू. मग जोरात.

"कुलदीप..."

...

"ओ."

फोनमधून.

बाहेरची कडी थांबली.

रात्री दहाला चाचांनी त्याला टेम्पोतून घरी आणलं. कुलदीप पुन्हा शूटिंगला गेला नाही.

चाचा इथं थांबतात.

"संपली का, चाचा?" पोरं विचारतात.

"हर्षाली आता चालायला लागली. आई म्हणत न्हाय, बाबा म्हणत न्हाय. पर वाटेवर कुणी कुलदीपला हाक मारली की..."

लांब कुठंतरी ट्रक जातो.

"त्याच्या आधी ती ओ देती."

मग ते उठतात, चप्पल शोधतात. "घरोघर सांगा रे. कुणी मेल्याचं सोंग घेतलं, तर त्याला त्याच्या नावानंच उठवा. आन् हाक मारताना लेकरू कडेवर घेऊ नका. तेवढं सांगाच."