माइक काढलेला फोन

अलफियाचं काम साधं होतं. तिला फोनचा माइक कायमचा बंद करून हवा होता.

"चालू करून द्या म्हणणारे रोज येतात," हिंमतराव काका म्हणाले. "बंद करून द्या म्हणणारं गिऱ्हाईक जब्बारनं पह्यल्यांदाच पाह्यलं."

परवा रात्री जानेफळला लाईट गेली होती. आम्ही पाच-सहा जण काकांच्या ओट्यावर बसलो होतो. माझे मामेभाऊ मोबाइलवर गेम खेळत एकमेकांवर ओरडत होते, "माइक चालू कर ना बे, काहीच येऊन नाही राह्यलं!" ते ऐकूनच काकांना ही गोष्ट आठवली. ओट्याला लागून रस्त्याकडेला एक खोली आहे. आता तिला कुलूप असतं. तेव्हा ती काकांनी जब्बारला मोबाइल दुरुस्तीच्या दुकानासाठी दिली होती.

"काका, भूत निघणार असेल तर मी झोपायला जाते," मी म्हटलं.

"जा ना. पण जब्बार खोटं बोलणारा माणूस नव्हता, चारू."

गोष्टीआधी सगळी म्हातारी माणसं हेच सांगतात. पण घरात उकडत होतं, म्हणून मी बसले. पुढचं सगळं काकांनी सांगितलेलं आहे आणि काकांना ते जब्बारनं सांगितलेलं. जब्बार आणि अलफिया आपसात हिंदीतच बोलले असणार. काकांनी ते आपल्या बोलीत आणलं, मी तसंच ठेवते.

दोन हजार एकवीस साल. अठरा सप्टेंबर, शनिवार. दुसऱ्या दिवशी गणपती विसर्जन होतं. संध्याकाळची नमाज होऊन अंधार पडला होता आणि जब्बार शटर अर्धं ओढून आत काम करत होता. अलफिया वाकून आत आली. तिनं फोन काउंटरवर ठेवला आणि जब्बारनं तो लगेच ओळखला. एका कोपऱ्यात तडा गेलेली ती काच त्यानंच बसवली होती. फोन जुनेदचा होता. अलफियाच्या थोरल्या भावाचा.

जुनेद वर्षापूर्वी गेला होता.

तो रोजानं फवारणीला जायचा. बीटी बियाणं आलं तेव्हा दुकानदार म्हणायचे, आता बोंडअळीला फवारायची गरज नाही. अळीला ते कोणी सांगितलं नव्हतं. दरवर्षी ती वाढत गेली आणि दरवर्षी पंपात आणखी एक औषध कालवलं जाऊ लागलं. त्या साली कापसाची पऱ्हाटी माणसाच्या डोक्याच्या वर गेली होती. जुनेद तिच्यात शिरला की बाहेरून फक्त पंपाची घरघर ऐकू यायची. भादव्यातल्या एका दुपारी घरघर चालूच राहिली आणि तो मात्र बाहेर आला नाही.

अकोल्याच्या दवाखान्यात त्याच्या घशात नळी होती. शुद्ध होती, बोलता येत नव्हतं. अलफिया उशाशी बसून राहिली. तो ओठ हलवायचा, तिला कळायचं नाही. तसाच गेला.

त्याची मय्यत गावी यायच्या आधी शेतमालकाचं बोलणं गावात पोचलं होतं. फवारणीनं काही झालं नाही, पोरगं औषध प्यायलं. घरात भांडण झालं असेल, नाहीतर पोरीबिरीचं काही असेल. स्वतःचा जीव घेणं त्यांच्यात मोठं पाप. जनाज्याच्या नमाजेला माणसं कमी आली. आईनं मोहल्ल्यात जाणं सोडलं. अलफियानं वर्षभर प्रत्येकाला एकच विचारलं, कोणी पाहिलं त्याला पिताना? कोणी पाहिलं नव्हतं. सगळ्यांनी ऐकलं होतं.

"गाव म्हनत होतं," काका म्हणाले.

"गाव म्हणजे कोण?" मी विचारलं.

काकांनी सुपारी कातरली.

जब्बारनं अलफियाला विचारलं, "माइक काऊन बंद करायचा, बेटा?"

तिनं सांगितलं. जुनेद रात्री चौघांच्या टीममध्ये गोळीबाराचा गेम खेळायचा. तो गेल्यावर तिनं त्याचंच खातं चालू ठेवलं होतं. त्याचं नाव पडद्यावर हिरवं दिसायचं, एवढ्यासाठीच. माइक तिनं कधी उघडला नाही. मुलीचा आवाज ऐकला की पोट्टे काय काय बोलतात, ते तिला माहीत होतं. माइक खराब आहे, असं तिनं टाइप करून ठेवलं होतं. टीममधले बाकीचे पांगले, एकटा सोहम राहिला. तो मेहकरचा. जुनेदला त्यानं कधी पाहिलं नव्हतं, फक्त ऐकलं होतं. जुनेद मेला हे त्याला ठाऊकच नव्हतं.

"चार दिवसांपासून तो म्हनते, तुह्याकडून आवाज येते. घरघर येते. पन चाचा, मी बटन दाबतच नाही!"

जब्बार हसला. "बटन अटकलं असंल. हे तं रोजचंच हाये."

त्यानं गेम उघडला. सोहम आत होताच. स्पीकरवर त्याचा आवाज आला, "ये जुनेदभाऊ! घरघर घेऊनच आला का आजही? कूलरपाशी बसते का बे तू?"

जब्बारनं गेममधला माइक पाहिला. बंद होता. तो चालू करून पुन्हा बंद केला. अलफियानं टाइप केलं, 'आता?'

"येऊन राह्यली ना."

मग त्यानं फोनच्या सेटिंगमध्ये जाऊन गेमला दिलेली माइकची परवानगीच काढून टाकली. फोन बंद करून पुन्हा चालू केला. पुन्हा गेम. पुन्हा विचारलं.

"भाऊ, आता तं खोकला बी येते," सोहम म्हणाला. "तब्येत बरी नाही काय?"

दुकानात कोणी खोकलं नव्हतं.

जब्बारनं अलफियाकडे पाहिलं. ती फोनकडे पाहत होती.

"मस्करी करून राह्यला तो पोट्टा," जब्बार म्हणाला. आता त्याला खुन्नस आली होती. त्यानं फोन उघडला. खालच्या पट्टीवरचा माइक गरम हवेनं सोडवून चिमट्यानं उचलला. वरच्या बाजूला आणखी एक छोटा असतो, तोही काढला. ज्वारीच्या दाण्याएवढे दोन तुकडे त्यानं तिच्या तळहातावर ठेवले. फोन जोडून आवाज रेकॉर्ड करून पाहिला. काही नाही. स्वतःच्या फोनवर कॉल लावून पाहिला. काही नाही. फोन पक्का बहिरा झाला होता.

"घे. आता याच्यातून कोनाचा बाप बोलते ते पाहू."

गेम लागला.

मग सोहमचा आवाज आला, खूप खूश.

"आत्ता साफ आला भाऊ! एकदम साफ. सालभरानं बोलला रे तू."

अलफियानं टाइप केलं, 'काय बोललो?'

"तूच तं विचारून राह्यला... आवाज येते का, आवाज येते का. सांगतो तरी ऐकत नाही. हाव भाऊ, येते. येते ना..."

माझ्या मामेभावांनी केव्हाच गेम बंद केला होता. पाहिलं तर सगळे जवळ सरकले होते. रस्त्यावरून एक ट्रॅक्टर गेला. तो लांब जाईपर्यंत काका थांबले.

"मले वाटलं ती पोरगी पळंल," ते म्हणाले. "जब्बारलेही तसंच वाटलं होतं. पन ती खुर्ची ओढून बसली. म्हने, चाचा... मले ऐकवा."

पण तिलाच ऐकू येणार नव्हतं. ज्या फोनवरून आवाज जातो, त्या फोनवर तो ऐकू येत नाही. गेमचं तसंच असतं. सोहमला येणार, तिला नाही. सोहमनं रेकॉर्ड करून पाठवलं. ते वाजवलं तर त्यात सोहम एकटाच बोलत होता. मधल्या जागा रिकाम्या.

मग जब्बारनं आपल्या फोनवर तो गेम घेतला आणि त्याच टीममध्ये शिरला. दोन फोन जवळजवळ असले की शिट्टी वाजते, म्हणून सवयीनं तो आपला फोन घेऊन इथं, या ओट्यावर आला. कानात इअरफोन घातला. आत, अर्ध्या शटरखालून, अलफियाचे पाय दिसत होते.

आधी पंप. घरघर... घरघर.

मग पऱ्हाटीत माणूस चालतो तसा आवाज. पानं अंगाला घासतात तसा.

मग श्वास. ओला.

मग जुनेद.

"आवाज येते का..."

जब्बारनं इअरफोन कानात दाबून धरला.

"आवाज येते का... अलफिया..."

तिचं नाव त्यानं इतका वेळ घेतलं नव्हतं. आत्ता घेतलं.

जब्बार आत गेला. चेहरा पाहूनच अलफिया उठली. त्यानं इअरफोन मुठीत धरला होता. मूठ सोडेना. "नको बेटा," तो म्हणाला. "तो आहे. एवढंच समज. घरी जा."

"चाचा, तो आहे का नाही हे मले नाही विचारायचं."

तिनं त्याची बोटं एकेक करून उघडली. इअरफोन आपल्या कानात घातला. उजव्या हातात जब्बारचा फोन. डाव्या हातात भावाचा, माइक नसलेला. तो तिनं तोंडाजवळ धरला.

ऐकत राहिली.

तिचे डोळे भरले, पण ती रडली नाही. "हाव भाई," ती म्हणाली. "येते. येते आवाज."

जब्बारला आता काही ऐकू येत नव्हतं. फक्त ती दिसत होती.

"भाई... तू औषध पेला होता का?"

थांबली.

बाहेर मंडळाच्या पोरांनी ढोल वाजवून पाहिला आणि बंद केला.

"नाही," ती म्हणाली. हळू. "नाही पेला." मग मोठ्यानं, जब्बारकडे वळून, "नाही पेला तो! उलट्या वाऱ्यानं अंगावर आलं. पानी मागितलं त्यानं... दोन तासानंतर कोनी आलं..."

ती मध्येच थांबली. पलीकडून काहीतरी विचारलं जात होतं. तिनं मान तिरपी केली, दुरून आलेलं ऐकावं तशी.

"...काऊन?"

ऐकलं.

"...तुहा आवाज गेला? माहा पाह्यजे?"

ऐकलं.

"...सारा?"

जब्बार पुढे झाला. त्याला तिच्या हातातला फोन ओढायचा होता. त्याचा हात उचलेना. असं त्यानं काकांना पुन्हा पुन्हा सांगितलं. हात उचलला नाही हिंमतराव, हात उचलला नाही.

अलफियानं डोळे मिटले.

"घे," ती म्हणाली.

पडद्यावरचं जुनेदचं नाव करडं झालं. फोन चालू होता, नेट चालू होतं. नाव करडं. स्पीकरमधून सोहम विचारत राहिला, "भाऊ? गेला का भाऊ?"

दुसऱ्या दिवशी सकाळी, मिरवणूक निघायच्या आधी, अलफिया शेतमालकाच्या दारात उभी राहिली. एकटी. ती जे बोलली ते अर्ध्या गावानं ऐकलं. उलटा वारा, कालवलेली तीन औषधं, बांधावर ठेवलेली पाण्याची कॅन आणि ती घेऊन कोणीच न गेलेले दोन तास. कॅन कुठे होती, कोणत्या रंगाची होती, तेही तिनं सांगितलं. मालकाचं दार उघडलं नाही. आतून कोणी खोटं म्हणायलाही आलं नाही. त्या शुक्रवारी तिच्या आईच्या घरी मोहल्ल्यातल्या बाया गेल्या. वर्षभरानं.

"जब्बारनं त्याच महिन्यात खोली सोडली," काका म्हणाले. "लोणारले गेला. आता कपड्याचं दुकान हाये त्याचं. फोनले हात लावत नाही."

"आणि अलफिया?"

"मेहकरले राह्यते. शिवणकाम करते. फवारनीचे दिवस आले का गावोगाव फिरते. मजुरांपुढं उभी राहून सांगते, तोंडाले बांधा, वारा पाहा, एकटे जाऊ नका. इथंही येते दरसाल. आवाज असा खनखनीत का चौकातून ऐकू येते."

"फिरायचं कशाला? आज एका फोनवर शंभर गावं होतात," मी म्हटलं. मला रागच आला होता. एवढं खरं दुखणं, आणि आमची माणसं त्यातून भुताची गोष्ट काढून रात्री ओट्यावर सांगतात. "नंबर आहे तुमच्याकडे?"

काकांनी नंबर दिला. फार पटकन दिला.

"रात्र झाली, नको लावू," एक मामेभाऊ म्हणाला.

मी लावला. दोन रिंगनंतर उचलला गेला. स्पीकर चालू केला, फोन आमच्या मध्ये ठेवला. मी नाव सांगितलं, कुठून बोलते ते सांगितलं. हिंमतराव काकांनी काय सांगितलं तेही सांगितलं. मग विचारलं, "ताई, त्या रात्री खरंच काय झालं? तुमच्या तोंडून ऐकायचं आहे."

पडद्यावर सेकंद पुढे जात होते. कॉल लागलेला होता. पण पलीकडे पंख्याचा, रस्त्याचा, श्वासाचा कसलाच आवाज नव्हता.

"हॅलो? ताई?"

काहीच नाही.

"मधे बोलू नको," काका हळूच म्हणाले. "बोलून राह्यली असंल ती."

आम्ही बसून राहिलो. बऱ्याच वेळानं पलीकडून कॉल कापला गेला. लगेच त्याच नंबरवरून मेसेज आला.

'सगळं सांगितलं ताई. दोनदा.'