समृद्धीच्या खांद्यावरचं काम

बर्फ पडायच्या आत पुतळ्याच्या खांद्याचे सांधे बुजवायचे, एवढंच काम होतं. सकाळी सुरू केलं तर दुपारच्या जेवणापर्यंत आटपेल असं टोरा क्वामला वाटत होतं.

राज्याच्या विधानभवनाचा घुमट गावात कुठूनही दिसे. गव्हाच्या कोठारांपेक्षा उंच असं त्या सपाट मुलखात तेवढंच काय ते होतं. घुमटाच्या टोकावर सोळा फुटी तांब्याची बाई उभी होती. एका हातात गव्हाची पेंढी, दुसरा हात शेतांकडे पसरलेला. कागदोपत्री तिचं नाव ‘समृद्धी’; गावात सगळे तिला नुसतं ‘बाई’ म्हणत. ‘बाईच्या डोक्यावर ढग आला, आता गारा पडणार,’ असं म्हातारी माणसं म्हणायची आणि बहुधा ते खरंही ठरायचं.

टोरा चाळीस वर्षांची. छपरं, घुमट, चर्चचे मनोरे यांच्या पत्र्याची कामं करणारी. या घुमटाचं काम मात्र तिनं आजवर दोनदा नाकारलं होतं. तिचा बाप, सिगवर्ट क्वाम, सेहेचाळीस साली याच पुतळ्यावरून पडून मेला होता. टोरा तेव्हा सात वर्षांची होती. चौकशीत निघालं की सिगवर्ट दारू पिऊन चढला आणि त्यानं आपला दोर आपणच ओढून सोडवला. त्यानंतर शाळेत तिचं नाव ‘झिंगलेल्याची टोरा’ पडलं. आईनं पुढे तो विषय घरात कधी काढू दिला नाही.

या वर्षी तिनं होकार दिला, याचं कारण तिलाही नीट सांगता आलं नसतं.

बरोबर वेंडल पेटिट होता. तिशीतला, काटक, तोंडाचा पट्टा सदा चालू. बायकोला सातवा महिना लागलेला. आणि तिसरा ओरिन टेलफर, इमारतीची देखभाल करणारा म्हातारा. एकाहत्तर वर्षांचं वय, गुडघे गेलेले, तरी त्या दिवशी तो हट्टानं वर आला.

“ओरिनकाका, तुम्ही कशाला पायऱ्या मोजताय? खाली कॉफी पीत बसा की,” वेंडल म्हणाला.

“तू तुझं बघ,” ओरिन म्हणाला. धापा टाकत तो घुमटाच्या टोकाशी असलेल्या लाकडी फळीवर बसला. “मी इथेच थांबतो. पुतळ्यात नाही येणार.”

पुतळा आतून पोकळ होता. पायांतून लोखंडी शिडी वर जाई, कमरेशी एक आडवी फळी आणि पाठीवरच्या झग्याच्या चुण्यांत माणूस जेमतेम निघेल एवढी खिडकी. आत काळोख, गार लोखंडाचा आणि कळकलेल्या तांब्याचा वास. जिभेवर नाणं ठेवल्यासारखी चव तोंडात उतरायची.

टोरानं मधल्या खांबाला वेंडलच्या कमरेला बांधलेल्या दोराचे दोन वेढे दिले आणि टोक हातात घेतलं. वायरलेस तांब्याच्या आत मुका होत असे, म्हणून खुणा जुन्याच: हातोडीचा एक ठोका म्हणजे थांब, दोन म्हणजे दोर सोड, तीन म्हणजे ओढ.

“मुलगी झाली तर तिचं नाव बाई ठेवीन,” खिडकीतून पाय बाहेर टाकत वेंडल म्हणाला.

“आधी खाली उतर, मग बारसं कर,” टोरा म्हणाली.

तो दिसेनासा झाला. थोड्या वेळानं खिडकीतून धुकं आत यायला लागलं. दहा वाजले होते, पण बाहेर मैदान नाही, गाव नाही, नुसता राखाडी कापूस. वारा पडला. डोक्यावर कुठेतरी वेंडलच्या बुटांची खरखर चालू होती, ती हळूहळू थांबली.

मग दोन ठोके आले.

टोरानं हातभर दोर सोडला.

पुन्हा दोन. तिनं पुन्हा सोडला. खांद्यावरून तो बहुतेक पसरलेल्या हाताकडे सरकत असणार, असं तिनं मनाशी धरलं.

पुन्हा दोन ठोके. या वेळी घाईचे. ती वेढा सैल करणार तोच तिच्या लक्षात आलं, आवाज खांद्यावरून आला नव्हता. पुतळ्याच्या छातीवरून आला होता. तिथे बाहेरून पाय ठेवायला नखभर जागा नव्हती.

“वेंडल?” तिनं हाक मारली. तांब्याच्या पोकळीत तिचाच आवाज भोवताली फिरला.

ठक, ठक. आता तिच्या तोंडासमोर, वीतभर अंतरावर, पत्र्याच्या पलीकडे. तिच्या गालाला तो हादरा जाणवला. तिचे हात सवयीनं दोराकडे गेले. वीस वर्षांची सवय. दोन ठोके म्हणजे सोडायचं, विचार करायचा नाही…

“सोडू नकोस!”

खालून ओरिनचा आवाज आला, म्हातारा वाटणार नाही असा. शिडी कुरकुरली. गुडघे गेलेला तो माणूस कसा कोण जाणे वर आला आणि तिच्या शेजारी येऊन त्यानं उघड्या हातांनी दोर पकडला.

“ते त्याचे ठोके नाहीत, पोरी. वेढा घाल. आणखी एक घाल.”

“तुम्हाला काय माहीत?”

बाहेरून पुन्हा ठोके पडले, दोन, मग दोन, मग दोन. दार उघडत नाही म्हणून कुणी चिडावं तसे. ओरिननं डोळे मिटून घेतले.

“त्या दिवशी दोर माझ्या हातात होता,” तो पुटपुटला. “असंच धुकं होतं. दोन ठोके आले, मी सोडला. परत आले, परत सोडला. असं करत करत… टोकच हातातून गेलं. सिगवर्टनं एकदाही ठोकलं नव्हतं, पोरी. तो खाली पडेपर्यंत ओरडत होता, ‘ओरिन, धर.’ ”

टोरानं खांबाला आणखी एक वेढा घातला.

“आणि दारू?” तिनं विचारलं.

“थेंबही नव्हता प्यायलेला. तो प्याला होता, असं मीच सांगितलं. ठोक्यांचं कुणाला पटलं असतं? मला तुरुंगात टाकलं असतं. माझी दोन पोरं होती गं…”

“मलाही बाप होता,” टोरा म्हणाली.

तेवढ्यात दोराला हिसका बसला. दोघंही खांबावर आदळली. ओरिनच्या तळव्यांची सालं निघाली, पण त्यानं पकड सोडली नाही. बाहेर माणूस घसरला होता, त्याचं सगळं वजन दोरावर आलं होतं. टोरानं पाय रोवले, दात आवळले, आणि अचानक दोर हलका झाला.

तुटला नव्हता. नुसता हलका. टोकाला काही नसावं तसा तो तिच्या हातांत लोंबत राहिला.

दोघंही कान देऊन उभी राहिली. खाली काही पडल्याचा आवाज येईल म्हणून. तो आला नाही. किती वेळ गेला, कोण जाणे. टोरा मनातल्या मनात वेंडलच्या बायकोला काय सांगायचं त्याचे शब्द जुळवत होती आणि ते जुळत नव्हते.

मग तीन ठोके पडले. सावकाश, एकेक.

“ओढायचं का?” तिनं कुजबुजत विचारलं.

ओरिनचा चेहरा पांढराफटक पडला होता. “मला नको विचारूस,” तो म्हणाला. “मी ऐकून एकदा…”

तिनं ओढलं. वजन परत आलं, माणसाएवढं, आणि मग खिडकीत वेंडलचे हात दिसले. त्याला आत घेतलं तेव्हा त्याचे ओठ निळे पडले होते. तो फळीवर बसला आणि टोराकडे बघू लागला.

“तू बाहेर कशी आलीस?” त्यानं विचारलं.

“मी इथून हलले नाही.”

“कुणीतरी धरलं मला. मागून, कोटाला. मी लोंबत होतो आणि मला उचलून धरलं, मांजराच्या पिल्लासारखं.”

“हातोडी कुठेय तुझी?”

“ती तर गेल्या गेल्या हातातून निसटली. मी एकदाही ठोकलं नाही, टोरा. ठोकणार कशानं?”

तिनं त्याला पाठमोरं केलं. त्याच्या जाड कोटाच्या पाठीवर चार हिरवे पट्टे होते, तांब्यावर चढतो त्या ओल्या कळकाचे. एकेक पट्टा तिच्या मनगटाएवढा रुंद.

ओरिन ते बघून मागे सरकला.

“सिगवर्टच्या कोटावरही होते,” तो म्हणाला. “चादर घालताना पाहिले मी. पोलिसांना वाटलं, पत्र्याला घासला असेल.”

तिघं खाली उतरली. ओरिनला टोरानं आधार दिला. का दिला ते तिलाही उमगलं नाही.

त्याच आठवड्यात ओरिननं लेखी जबानी दिली. ठोक्यांबद्दल त्यानं लिहिलं नाही. एवढंच लिहिलं की दोर माझ्या हातून सुटला, सिगवर्ट क्वाम शुद्धीवर होता आणि आजवर मी खोटं बोललो. गावच्या वर्तमानपत्रात ते आतल्या पानावर आलं. टोरानं कात्रण आईकडे नेलं. आईनं चष्मा लावून ते दोनदा वाचलं, घडी केली आणि बायबलमध्ये ठेवलं. म्हणाली, “मला माहीत होतं. त्याला वासही सहन व्हायचा नाही.” मग ती स्वयंपाकघरात जाऊन कितीतरी वेळ नळ सोडून उभी राहिली.

नाताळच्या आधी ओरिन झोपेतच गेला. खांद्याचे सांधे तसेच राहिले. ते काम घ्यायला पुढे कुणी आलं नाही.

मार्चमध्ये वेंडलला मुलगी झाली. त्यानंतर आठवडाभरात त्याच्या बायकोचा, कोरिनचा, फोन आला. मागे बाळाच्या रडण्याचा आवाज होता.

“टोरा, तो कोट मी नोव्हेंबरातच धुवून माळ्यावर ठेवला होता. डाग निघाले नाहीत म्हणून. आज दान करायच्या कपड्यांत घालायला काढला… तू चारच म्हणाली होतीस ना?”

“चारच होते. मी मोजलेत.”

“आता पाच आहेत. पाचवा पुढच्या बाजूला आहे. गळ्यापाशी.”

टोरानं फोन दुसऱ्या कानाला लावला. “जाळून टाक तो, कोरिन. आत्ताच्या आत्ता.”

“काड्या लावून पाहिल्या, पेटत नाही गं,” कोरिन म्हणाली. तिचा आवाज अगदी खाली गेला होता. “पाचवा अजून ओला आहे.”