सदाशिवरावांचं जहाल भाषण

“चिथावणीखोर, होय की नाही? एवढंच लिहून द्या, मॅडम. चारला कोर्टात न्यायचंय यांना.”

इन्स्पेक्टर भीमसेन सदाशिवरावांच्या शिंपीकामाच्या दुकानात बाकावर घाम पुसत बसले होते. ते कन्नड मुलखातल्या याच मराठी गल्लीत वाढलेले. मराठी बोलता येई, वाचता येत नसे. म्हणून पोलिसांकडचा प्रत्येक मराठी कागद निवृत्त प्राध्यापिका अंबुजाबाईंच्या गळ्यात पडायचा. आज तर शहराच्या दुसऱ्या टोकाच्या कुवेंपुनगरातून दुपारची झोप मोडून आल्या, तेही एका शब्दासाठी. डोकं फिरलंच होतं त्यांचं.

काल सभेत सदाशिवरावांनी भाषण ठोकलं, गाळे रिकामे करा म्हणणाऱ्या मालकाविरुद्ध. संध्याकाळी चौघांनी मालकाच्या शोरूमच्या काचा फोडल्या. आज सकाळी सदाशिवरावांच्या मशीनच्या खणात भाषणाचा कागद सापडला. दाखवला रंगनाथने; तो दारातच उभा होता. तीन वर्षांपूर्वी सोलापूरहून आलेला हा, विठ्ठल मंदिराचा चिटणीस. अध्यक्ष सदाशिवराव.

“साक्षीदार काय म्हणतात?”

“एक म्हणतो जोशाचं, एक भडक, एक जहाल. भाषण एकच री, मॅडम.” भीमसेन वैतागले होते. “वाक्य मात्र सगळ्यांना तेच आठवतं. ‘उद्या दारात पहिला मी बसतो, माझ्या मागे या.’”

अंबुजाबाईंनी कागद वाचला. झोकदार देवनागरी अक्षर. ‘तुम्ही पुढे व्हा, काचा फोडा, मागचं मी बघतो.’

“सदाशिवराव, हे तुम्ही लिहिलंत?”

सदाशिवरावांनी सुईत दोरा ओवला, पहिल्याच खेपेत. “नाही.”

“मग वाचून सांगा, यातलं तुमचं किती.”

“चष्मा घरी राहिला.”

“अहो, जेलात जाल. काहीतरी बोला की.”

त्यांनी बाहीला टाका घातला. कागद त्यांच्या अंगावर भिरकावावा, असं अंबुजाबाईंना वाटलं.

भीमसेननी उगाच सदाशिवरावांची मापांची वही उघडली. “छाती छत्तीस, बाही तेवीस,” ते वाचत गेले.

अंबुजाबाई वळल्या. “तुम्हाला मराठी वाचता येतं?”

“छे. अक्षरं कन्नड आहेत ना ही.”

अंबुजाबाई खाली बसल्या. स्वतःचाच राग आला त्यांना.

“आता ऐका. भडक बोलण्यात नुसता रंग जास्त. जहाल बोलणारा भीड ठेवत नाही, इतकंच. जोशाचं बोलणारा स्वतः पुढे होतो. चिथावणी देणारा दुसऱ्याला पुढे ढकलतो आणि आपण मागे राहतो. सभेतलं वाक्य जोशाचं, कागदावरचं चिथावणीचं. माणसं दोन आहेत ही.”

“पुरावा?”

“सदाशिवरावांना देवनागरी येत नाही. सुई दिसते त्यांना, मग कागद का दिसू नये? इथल्या जुन्या घरांत बोलणं मराठी, शाळा कन्नड. मराठी लिहितात तेही कन्नड अक्षरांत. गल्लीतल्या कुणीही खोटा कागद तसाच लिहिला असता. बाहेरून आलेलाच देवनागरीत लिहील. गल्लीत तसा एकच आहे. रंगनाथ, कागद खणात तूच ठेवलास आणि तूच दाखवलास.”

“असं कसं?” रंगनाथ तडकला. “रोज देवासमोर पोथी उघडून बसतात ते. मला काय माहीत, त्यांना वाचता येत नाही...”

तो थांबला. उशीर झाला होता.

“पाठ आहे त्यांना सगळं,” अंबुजाबाई म्हणाल्या. “त्या चौघांना काचा फोडायलाही तूच पाठवलंस ना?”

“रविवारी मंदिराच्या अध्यक्षाची निवडणूक आहे,” तो पुटपुटला. “यांच्यापुढे मला कोण निवडणार?”

भीमसेन त्याला घेऊन गेले. सदाशिवरावांनी मान वर केली नाही.

“एक शब्द बोलला असतात तर सकाळीच सुटला असता,” अंबुजाबाई कडाडल्या.

“तेच बोलायचं नव्हतं, अंबूताई. जेलात गेलो असतो तर लोक शूर तरी म्हणाले असते. आता पोथीसमोर कुठल्या तोंडाने बसू?”