आहे तिथंच थांब

आईच्या व्हिजिट पासची मुदत वाढवायची होती, म्हणून एका शनिवारी दुपारी मी तिचा पासपोर्ट शोधायला बसलो. एवढंच काम होतं. २०१७ चा जून महिना. सिंगापूरच्या बुकित पंजांग भागात अकराव्या मजल्यावरचा आमचा फ्लॅट, खिडकीखालून एलआरटीची छोटी लोकल सरकत जाते, शेजारच्या घरातून तळलेल्या लसणाचा वास येत राहतो. हर्षा, माझी बायको, अंथरुणात लॅपटॉप घेऊन पडली होती आणि सहा वर्षांची इरा जमिनीवर चित्र रंगवत होती. अशा घरात भूत शिरायचं म्हटलं तरी त्याला जागा नाही.

आधीच सांगून ठेवतो, मी भुताखेतांना मानत नाही. आमच्या घरात कोणीच मानत नाही. आजोबांनी नागपूरला दीक्षा घेतली त्या दिवशीच देव, नवस, करणी, भानामती सगळ्यांना एकदम रजा दिली. आई तर जिल्हा परिषदेच्या शाळेत चौतीस वर्षं शिक्षिका. गावात कोणी सांगायला आलं, की अमक्याला चकवा लागला आणि तो रात्रभर एकाच शेताला फेऱ्या मारत राहिला, तर ती म्हणायची, "काहून बाप्पा, सरळ सांगा ना रस्ता चुकला!" तिचा मी मुलगा. त्यामुळे पुढचं सांगताना मला भीतीपेक्षा लाजच जास्त वाटते.

पासपोर्ट सापडला. त्याच्याखाली एक काळं, काडेपेटीपेक्षा थोडं मोठं यंत्र सापडलं. त्याला वायर आणि वायरीला कानात घालायचं बटण. मी कपाळावर हात मारला. हे आपण परत द्यायचं विसरलो!

एप्रिलअखेर हर्षाची परिषद होती टालिनला, एस्टोनियात. आई तेव्हा आमच्याकडेच होती. बाबांचे गुडघे दुखतात म्हणून ते अमरावतीलाच राहिले होते. म्हटलं, आईला घेऊन सगळेच जाऊ, तिनं कधी युरोप बघायचा? तिथल्या जुन्या शहरात सकाळी दहाला एक पायी सहल निघायची. तटबंदी, बुरूज, दगडी बोळ, असं दोन तास हिंडवायचे. गाइड काद्री नावाची म्हातारीशी बाई होती. ती हळू आवाजात माइकवर बोलायची आणि आमच्या प्रत्येकाच्या कानात या यंत्रातून ऐकू यायचं. निघण्यापूर्वी तिनं एकच सूचना दिली होती. आवाज खरखरायला लागला तर समजा तुम्ही लांब गेलात, मागे फिरा.

त्या सकाळी धुकं होतं. ओल्या दगडांचा आणि लाकडाच्या धुराचा वास सगळ्या गल्ल्यांत भरलेला. इरा माझा हात धरून होती, आई दोन पावलं मागे. आणि मी काय करत होतो? ऑफिसच्या फोनवर भांडत होतो. सर्व्हर पडला होता म्हणे. एका कानात काद्री, दुसऱ्या कानात माझा मॅनेजर. एका बोळातून दुसऱ्या बोळात, कमानीखालून पायऱ्यांवर, मी नुसता लोकांच्या पाठी बघून चालत राहिलो. फोन संपला तेव्हा मागे वळलो, तर आई नव्हती.

वीस मिनिटं मी वेड्यासारखा पळलो. इराला कडेवर घेऊन, गुळगुळीत दगडांवरून घसरत, मोठमोठ्यानं "आई, आई" ओरडत. सगळे बोळ सारखेच दिसत होते. एकाच हिरव्या दारासमोर मी तीनदा येऊन उभा राहिलो.

मग आई आली. मागून नाही, समोरून आली. धुक्यातून शांतपणे चालत.

"कुठं होतीस?" मी जवळजवळ खेकसलो.

"अरे, इथंच तर होते," ती म्हणाली आणि हसली. तिच्या कानात यंत्र नव्हतं. कुठं पडलं ते आठवत नव्हतं. काद्री म्हणाली, असू द्या, होतं असं. मला आई सापडली होती, यंत्राचं काय घेऊन बसता! माझ्या खिशातलं दुसरं तसंच राहिलं आणि आमच्याबरोबर सिंगापूरला आलं.

तर त्या शनिवारी इरानं ते माझ्या हातातून ओढून घेतलं आणि चार्जरला लावलं. दिवा लागला. मी सहज बटण कानात घातलं. नुसती खरखर. काढणार तेवढ्यात पावलं ऐकू आली. दगडांवरची पुष्कळ पावलं. लांबवर चर्चची घंटा. आणि मग काद्रीचा तो हळू, दमलेला आवाज, "सुप्रभात. माझ्याबरोबर राहा."

मी घड्याळ बघितलं. इथं दुपारचे तीन, म्हणजे तिथं सकाळचे दहा.

मी इंजिनियर आहे. या यंत्राला शंभर मीटरच्या पलीकडचं ऐकू येत नाही, त्यात आवाज साठवायची सोय नाही, हे मी त्याच संध्याकाळी सहलीच्या कंपनीला मेल करून विचारून घेतलं. त्यांनी नम्रपणे तसंच कळवलं आणि यंत्र सवडीनं पोस्टानं पाठवा म्हटलं. हर्षाच्या कानात घातलं तर तिला नुसती खरखर. "रतन, कुठलं तरी रेडिओ स्टेशन लागत असेल. झोप नीट घेत जा," ती म्हणाली. मला तेच हवं होतं. तरी सोमवारी ऑफिसात तीन वाजले तसा मी जिन्यात जाऊन बसलो आणि बटण कानात घातलं.

सहल चालू होती. बुरूज झाला, विहीर झाली. मग काद्री थांबली आणि म्हणाली, "इथं जरा भिंतीकडून चला. या बाईंना धक्का लावू नका."

मंगळवारी पुन्हा तेच. बुधवारी कोणा प्रवाशानं काहीतरी विचारलं असावं, कारण काद्री म्हणाली, "माहीत नाही. बरेच दिवस उभ्या आहेत. हलत नाहीत."

घरी आई अगदी आईसारखी होती. हे मी मुद्दाम सांगतो, कारण नंतर मी तिच्यात खोट शोधू लागलो आणि मला ती सापडली नाही. सकाळी उठून बुद्धवंदना म्हणायची, इराची वेणी घालायची, बाबांना फोन करून औषधावरून दटावायची. वांग्याच्या भाजीला तीच चव. एकच गोष्ट होती. ती बसत नसे. भाजी उभ्यानं निवडायची, टीव्ही उभ्यानं बघायची. दुपारभर खिडकीशी उभी असायची. पूर्वी दहा मिनिटं उभी राहिली तरी कंबर धरणारी माझी आई!

"आई, बस ना गं जरा."

"राहू दे रे. सवय झाली."

गुरुवारी मी अर्धी रजा टाकून इमारतीच्या तळमजल्यावरच्या मोकळ्या जागेत, दगडी टेबलाशी जाऊन बसलो. शेजारी दोन चिनी आजोबा सोंगट्या खेळत होते. तीन वाजले. खरखर, पावलं, घंटा. काद्री त्या जागी थांबली. तिनं सगळ्यांना पुढं जायला सांगितलं. मग तिचा आवाज अगदी मऊ झाला. "मॅडम, तुम्ही कोणाबरोबर आलात? इथं बोला... या माइकमध्ये बोला."

बराच वेळ कोणीतरी नुसता श्वास घेत होतं. दात वाजल्याचा आवाज येत होता.

"रतन..." माझी आई म्हणाली. "रतन, मी इथंच उभी आहे रे. कुठं गेली नाही. तू ये..."

मी बटण उपटून काढलं. ऊन तसंच होतं, आजोबा तसेच खेळत होते. त्यांच्यापैकी एकानं वळून विचारलं, "यू ओके अ?" मी मान हलवली. 

मी सहा वर्षांचा होतो तेव्हा दीक्षाभूमीच्या गर्दीत हरवलो होतो. चौदा ऑक्टोबर, लाखो माणसं. आईनं घरून निघतानाच बजावलं होतं, "हरवलास तर इकडंतिकडं पळायचं नाही. आहे तिथंच थांब. मी शोधत येईन." मी एका पुस्तकांच्या दुकानाशी दोन तास उभा राहिलो आणि ती आली. शाळेच्या प्रत्येक सहलीत ती पोरांना हेच घोकायला लावायची. आता तुम्हीच सांगा. जी बाई जन्मभर हे शिकवत आली, ती परक्या देशात हरवल्यावर चालत समोरून येईल, की आहे तिथं उभी राहील? आणि मी तिला शोधायला जायचं, तर पहिली समोर आली तिला घेऊन घरी आलो! माझी आई दीड महिना थंडीत माझी वाट बघत उभी आहे, या विचारानं मी त्या टेबलाशी बसून रडलो. मानत नसलो तरी रडलो.

वर गेलो. ती खिडकीशी उभी होती. मी परीक्षाच घ्यायची ठरवली.

"आई, दीक्षाभूमीला मी तुला कुठं सापडलो होतो?"

"पुस्तकांच्या दुकानाशी," ती लगेच म्हणाली. "हातात फुटाण्यांची पुडी होती. भिजली होती घामानं."

बरोबर. मला एकदम हलकं वाटलं. उगाच आपण काय काय...

"आणि त्याच्याआधी," ती खिडकीबाहेर बघत म्हणाली, "तू एका दुसऱ्याच बाईचा पदर धरला होतास. निळ्या काठाचा. बराच वेळ. तिनं खाली बघितलं, तेव्हा कळलं तुला, आई नाही म्हणून."

हे खरं होतं. पण हे मी कधी कोणाला सांगितलं नव्हतं. तेव्हा आई तिथं नव्हतीच.

मला काही उमजेना. घरातली माझी आई असेल, तर तिकडं कोण उभं आहे? तिकडची आई असेल, तर हिला हे कसं माहीत? बाबांना फोन लावला. त्यांना काय विचारायचं तेच सुचेना. "अरे, तुझी आई ना, आजकाल फार गोड बोलते," ते खूश होऊन म्हणाले. पुढच्या आठवड्यात तिला त्यांच्याकडं पाठवायचं, की पास वाढवून ठेवून घ्यायचं, काहीच कळत नव्हतं. एकच कळत होतं. कोणीतरी मला हाक मारतंय आणि मी जाणार नसेन, तर मी मुलगा कसला!

ऑफिसचं काम निघालंय, असं घरी सांगितलं. तिकीट काढलं. कुठलं ते फक्त हर्षाला ठाऊक, तेही तिला वाटलं की क्लायंटकडं. आईला मी नुसतं "बाहेर जातोय" एवढंच म्हणालो होतो.

निघायचं त्या दुपारी हर्षा ऑफिसात होती. खाली टॅक्सी येऊन उभी होती. मी बूट घालत होतो, तेव्हा आई स्वयंपाकघरातून स्टीलचा डबा घेऊन आली. ज्वारीच्या भाकरी आणि तिळाची चटणी. डबा हाताला गरम लागत होता.

"विमानात देतात गं जेवण."

"हा तुझ्यासाठी नाही," ती म्हणाली. "तिला दे. किती दिवस झाले, पोटात काही नसेल बिचारीच्या."

माझ्या हातातली बुटाची नाडी तशीच राहिली. 

"तू... कोण आहेस?"

तिनं माझी कॉलर सरळ केली. शाळेत जाताना करायची तशी.

"रागावू नको रे. मला फार थंडी वाजत होती," ती म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, खरंखुरं. "तिला घेऊन ये. मी नाही म्हणत नाही. फक्त ती जागा रिकामी सोडता येत नाही... तेवढं बघ."

"म्हणजे?"

ती माझ्या मागे बघून नुसती हसली. मी वळलो.

दाराच्या लोखंडी जाळीशी इरा उभी होती. बाहेर तेहतीस अंशांचं ऊन होतं आणि तिनं गळ्यापर्यंत चेन लावून थंडीचा जाड कोट घातला होता. डोक्यावर लोकरी टोपी, पाठीवर शाळेची बॅग. कपाळावरून घाम ओघळत होता, पण चेहरा आनंदानं फुलला होता.

"पप्पा, फास्ट लाह," ती माझा हात ओढत म्हणाली. "आजी सेज आय कॅन फॉलो यू. आजीनं मला शिकवलंयसुद्धा... कसं उभं राहायचं ते."