अकरा वाजून चार मिनिटांची नोंद

लज्जामापकाने काढलेला मूळ आलेख डॉ. ऋजुता दाभाडे यांनी त्या दिवशी पहिल्यांदा उघडला, तोही प्रयोगशाळेत वकील समोर येऊन बसले म्हणून. यंत्र त्यांनीच बनवलं होतं. आठ विद्यापीठांच्या शिस्तपालन समित्या ते वापरत होत्या.

"कानाच्या पाळीला चिमटा लावायचा," त्या सांगू लागल्या. "भीती वाटली की त्वचेतल्या केशवाहिन्या आकसतात, लाज वाटली की पसरतात. त्यामुळे नुसता घाबरलेला विद्यार्थी दोषी ठरत नाही."

"आणि लाजलेला ठरतो," अ‍ॅड. मोमीन म्हणाले. "मॅडम, बायको चारचौघांत माझ्या पोटाबद्दल बोलली की मीही लाल होतो. मी काय कॉपी केलेली असते?"



मोमीन यांची अशील तेजल घोडेराव एम.एस्सी.ला होती. प्रात्यक्षिक परीक्षेत तिने अज्ञात क्षार दहा मिनिटांत ओळखला. तिचे वडील रघुनाथ त्याच विभागात प्रयोगशाळा परिचर, परीक्षेच्या बाटल्या तेच भरायचे. त्यांनीच तिला आधी सांगितलं असणार, असा समितीचा संशय. पुरावा एकच, तिचा लज्जांक. सत्तरच्या वर गेला की कबुली धरायची असा नियम होता आणि तिचा एक्क्याण्णव होता. तीन वर्षं परीक्षाबंदी झाली. त्याविरुद्धची याचिका दुसऱ्या दिवशी उच्च न्यायालयात सुनावणीला होती.

ऋजुता आलेख पुढे सरकवत एका जागी थांबल्या. "शिखर अकरा चारला आहे. पहिला प्रश्न केव्हा विचारला?"

मोमीन यांनी समितीच्या बैठकीचं इतिवृत्त चाळलं. "अकरा सहाला."

मोमीन यांनी दोन्ही वेळा पुन्हा ताडून पाहिल्या.

"तुमच्या अहवालात वेळ का नसते?"

"समित्यांना एकच आकडा हवा होता," ऋजुता म्हणाल्या. "मी सगळ्यांत मोठा देत गेले." त्यांचे स्वतःचे कान तापले होते. "अकरा चारला काय झालं?"

"इथे एवढंच लिहिलंय, पालक उभे राहिले. पोरीला विचारलं, तर म्हणते, केस हरले तरी चालेल, ते विचारू नका."

न्यायालयात ऋजुतांनी आलेख पडद्यावर दाखवून सगळं सांगितलं, स्वतःची चूकसुद्धा. विद्यापीठाचे वकील म्हणाले, "यंत्राचं घड्याळ मागे असेल. एका नोंदीवरून काय सिद्ध होतं?"

न्यायमूर्तींनी तेजलला विचारलं, "त्या वेळी नेमकं काय झालं?"

"आठवत नाही, सर."

मागच्या बाकावरून रघुनाथ उठले. "साहेब, तेव्हा मी बोललो होतो."

"काय बोललात?"

रघुनाथांनी तोंड उघडलं आणि ते थबकले. त्यांनी लेकीकडे पाहिलं. ती खाली बघत होती. मग त्यांनी पडद्यावरच्या आलेखाकडे पाहिलं, बराच वेळ.

"बाबा, बसा ना," तेजल पुटपुटली. "प्लीज."

"आमच्या डिपार्टमेंटला एकदा आलेलं रीडिंग धरत नाहीत, साहेब," ते म्हणाले. "परत करून बघतात. तिच्या कानाला ते लावा."

न्यायमूर्तींनी परवानगी दिली. ऋजुतांनी सोबत आणलेल्या यंत्राचा चिमटा लावला. तेजल नको म्हणाली नाही, पण तिचा कान बर्फासारखा गार होता. रेषा तिसावर स्थिर झाली.

रघुनाथांनी चपला काढून ठेवल्या. विद्यापीठाच्या वकिलांपुढे जाऊन ते कमरेत वाकले आणि त्यांनी हात जोडले.

"लेकराचं चुकलं असंल, साहेब. तीस वर्षं तुमच्यातच काढली मी. पदरात घ्या."

वकील दचकून मागे सरले. तेजलने मान भिंतीकडे वळवली. पडद्यावर रेषा चढू लागली. पन्नास. अडुसष्ट. ब्याऐंशी. तिने काही केलेलं नसताना, तिला एका शब्दाने न विचारता बापाने तेव्हाही अशीच माफी मागितली होती. कोर्टातल्या प्रत्येकाला आता ते दिसत होतं.

रघुनाथ वाकलेलेच होते, पण नजर पडद्यावर होती. ब्युरेटच्या काचनळीतून पडणाऱ्या थेंबावर ठेवावी तशी.

"मॅडम," हात न सोडता त्यांनी हळूच विचारलं, "एवढं पुरे, का अजून वर न्यायला लागंल?"