खळीचं काय करायचं?

विजयमालेची आणि गुरप्पाची पहिली भेट झाली, तेव्हा गुरप्पा खुंटीला उलटा टांगलेला होता.

मुंबईत संकलनाच्या खोलीत फिल्मच्या पट्ट्या अशाच टांगतात. टीव्हीसाठी सोलापुरी चादरीवरचा माहितीपट, हे विजयमालेला एकटीला मिळालेलं पहिलं काम. बिघडलं, तर पुन्हा दुसऱ्यांच्या पट्ट्या चिकटवत बसायचं! आणि पट्टीतला हा मागवाला, गुरप्पा, प्रत्येक शॉटमध्ये काम सोडून थेट कॅमेऱ्यात बघत होता... वर हसत होता. हसताना गालाला खळी पडत होती, ती डोकेदुखी वेगळीच.

पुन्हा चित्रीकरण ठरलं. संकलक सहसा अशा ठिकाणी जात नाहीत. विजयमाला रागानं सोलापूरला गेली.

"तुम्ही सारखे कॅमेऱ्यात का बघता?" ती मागांच्या खडखडाटात ओरडली.

गुरप्पानं माग थांबवला. "मग कुटं बघू?"

"कुठंही! कामाकडे बघा!"

"आमच्यात आलेल्या पाहुण्याकडं बघितलं न्हाय, तर पाहुणा परत येत न्हाय, बाई," गुरप्पाची आई बसम्मा शेंगाचटणी-भाकरीचं ताट पुढे करत म्हणाली.

"अहो, कॅमेरा पाहुणा नाही!"

"तुमी तर हायसा की," गुरप्पा म्हणाला.

विजयमालेला घास घेता घेता ठसका लागला. चटणी लई तिखट होती — निदान तिनं तसं जाहीर केलं.

"भिंगाकडे एकदाही बघायचं नाही. शपथ घ्या."

"सिद्धरामेश्वराची आण!"

त्यानं आण पाळली. मुंबईत फिल्म धुऊन आली आणि विजयमालेनं कपाळाला हात लावला. गुरप्पा भिंगाकडे एकदाही बघत नव्हता. तो प्रत्येक शॉटमध्ये भिंगाच्या वीतभर डावीकडे बघत होता... जिथं ती स्वतः, केसांत पेन्सिल खोचून, कपाळाला आठ्या घालून उभी होती. खळी होतीच.

चिडून तिनं सगळे चेहरे कापले आणि नुसत्या हातांवर माहितीपट जोडला. सूत जोडणारे हात, आडव्या धाग्याचा धोटा भरणारे हात, चादर झटकून घडी घालणारे हात.

टीव्हीच्या साहेबांनी तो बघितला. "झकास! पुढचाही तूच कर. पण... माणूस कुठाय यात?"

"सोलापुरात," विजयमाला खुंटीवरची गुरप्पाची एक पट्टी पर्समध्ये कोंबत म्हणाली. "उद्या जातेय."

"पुन्हा? कॅमेरा कोणता देऊ?"

"नको," ती वैतागून म्हणाली. "या खेपेला बघू दे मेल्याला, कुठं बघायचं ते."