खटक्यावर कोण आहे?

खटका आक्काने चढवला नव्हता. घसा कोरडा पडेपर्यंत तिने सांगितलं, पण कुणालाच पटलं नाही. लाँड्रीच्या मोठ्या ड्रायरमध्ये शिरून तारा जोडताना करंट लागून गेलेला वायरमन तिचा धाकटा भाऊ होता. तेव्हापासून आईने तिच्याशी बोलणं टाकलं होतं.

"चढवला हिनेच," असं सुपरवायझरने सगळ्यांना सांगितलं होतं. सदा घाईत म्हणून बायका त्यांना घाईसाहेब म्हणत.

आता तोच खटका रोज दुपारी पडत होता.

"सगळ्या इस्त्र्या एकदम लावतेस, आक्का. आज पडला तर उद्यापासून घरी बस."

"मला हात दोन, साहेब. इस्त्र्या काय पायांनी फिरवू?"

नवा वायरमन आला. ढिले स्क्रू त्याने आवळले. ढिला जोड तापतो, म्हणाला. वाफेने ओलावलेली पेटी पुसून कोरडी केली. इस्त्र्या आणि पाण्याचा हीटर वेगवेगळ्या लाइनींवर टाकले. ड्रायरच्या तारा तर सोडवूनच ठेवल्या. मग खटका चढवला. राहिला. उतरवून आक्काला चढवायला लावला. राहिला.

"आता तुम्ही खात्री करा, साहेब."

साहेबांनी चढवला.

लोडने पडणारा खटका फटकन उडतो. हा हळूहळू खाली आला... कुणी बोट लावून ओढावा तसा. जळक्या रबराचा वास सुटला.

"स्प्रिंग... स्प्रिंग गेली असेल," वायरमन पुटपुटला.

"स्प्रिंग माणूस ओळखते होय?" आक्का म्हणाली.

साहेबांनी पुन्हा चढवला आणि दोन्ही हातांनी दाबून धरला. त्यांची बोटं पांढरी पडली. खटका त्यांच्या हातांसकट खाली येत होता.

"मला वाटलं, तो बाहेर आलाय..." साहेबांना धाप लागली. "कपडे तुंबले होते... मी विचारलंच नाही..."

इस्त्र्या जागच्या जागी थांबल्या. आणि तारा सोडवलेल्या ड्रायरचं पिंप एकदा फिरलं.

आतून आवाज आला. रोजच्या कामातला, जराही न रागावलेला.

"खटक्यावर कोण आहे?"

आत काम करणारा हेच विचारायचा. बाहेरच्याने नाव सांगायचं, मगच खटका चढायचा. साहेब तोंड उघडेनात. पिंप पुन्हा फिरू लागलं.

आक्का ड्रायरच्या दाराशी वाकली. भावाला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने तिने सांगितलं,

"घाईसाहेब."